अननोन प्लेझर्स (१९७९) : अल्बम जॉय डिव्हिजनचा की मार्टिन हॅनेटचा?

मध्यसप्तक

काल रात्री घरातले सगळे झोपल्यावर दिवा मालवून, हेडफोन लावून 'अननोन प्लेझर्स' पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकला. शेवटच्या 'आय रिमेंबर नथिंग'मध्ये काच फुटते. पंधरा वर्षं ऐकतोय, कुठे फुटणार हे पाठ आहे, तरी काल पुन्हा दचकलो. मग झोप उडाली ती उडालीच. म्हणून हा धागा.

ज्यांनी हा बँड ऐकलेला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. इयान कर्टिस गायचा, बर्नार्ड सम्नर गिटार, पीटर हुक बेस आणि स्टीफन मॉरिस ड्रम्स. सम्नर आणि हुक सॅलफर्डचे, शाळेपासूनचे दोस्त. ४ जून १९७६ला मँचेस्टरच्या लेसर फ्री ट्रेड हॉलमध्ये सेक्स पिस्टल्सचा कार्यक्रम झाला, तिथे हे दोघे होते. दुसऱ्या दिवशी हुकने बेस गिटार विकत घेतली. वाजवता येत नव्हती, तरी घेतली. कर्टिस आणि मॉरिस जवळच्या मॅकल्सफील्डचे. आधी बँडचं नाव वॉर्सा होतं, १९७८पासून जॉय डिव्हिजन.

अल्बम एप्रिल १९७९मध्ये स्टॉकपोर्टच्या स्ट्रॉबेरी स्टुडिओत रेकॉर्ड झाला आणि जूनमध्ये फॅक्टरी रेकॉर्ड्सने काढला. फॅक्टरी म्हणजे ग्रॅनाडा टीव्हीवर निवेदन करणारा टोनी विल्सन, त्याचा मित्र अ‍ॅलन इरॅझमस आणि इरॅझमसचा पॅलाटीन रोडवरचा फ्लॅट. ऑफिस तेच. हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा अल्बम. पहिल्या खेपेला १०,००० प्रती छापल्या. एवढ्याशा कंपनीसाठी हे धाडसच होतं.

आता मुद्दा. माझं ठाम मत असं की या अल्बममध्ये निर्माता मार्टिन हॅनेट हा पाचवा वादक आहे, आणि त्याचं वाद्य म्हणजे मोकळी जागा. ड्रम इथे वाजतो, गिटार तिकडे लांब कुठेतरी, आणि मध्ये काहीच नाही. त्या काहीच नसण्यात कर्टिसचा आवाज उभा राहतो. आपल्याकडे मैफलीत तानपुरा सगळी पोकळी भरून काढतो. हॅनेटने नेमकं उलट केलंय. वाद्यांच्या मधली भिंतच काढून टाकली, आणि ऐकणारा त्या थंड खोलीत एकटा.

सम्नर आणि हुकला हा अल्बम तेव्हा आवडला नव्हता, हेही मला महत्त्वाचं वाटतं. त्यांना स्टेजवर वाजतो तसा दणका हवा होता. हॅनेटने गिटारची धार घालवली, सगळ्यावर काळोख पसरवला, अशी त्यांची तक्रार. कर्टिस आणि मॉरिसला मात्र आवडला होता. हुकनेही पुढे मान्य केलं की हॅनेटचं काम चांगलंच होतं.

तर मग हा अल्बम कोणाचा? मी म्हणेन, अर्धा हॅनेटचा. तुम्हाला काय वाटतं?

वाचनमात्र

वा! या विषयावर मराठीत कोणीतरी लिहिलं याचाच आनंद. वाचतोय.

दुहेरी_टिपरू

मध्यसप्तक, धागा आवडला, पण "अर्धा हॅनेटचा" हे मला पटत नाही.

मी ड्रम्स वाजवतो. आधी ढोल, मग कॉलेजात ड्रमसेट, आता शनिवार-रविवारी मित्रांबरोबर. वाजवणाऱ्याच्या बाजूने सांगतो.

तुम्ही जॉन पीलच्या बीबीसी कार्यक्रमासाठी केलेलं सेशन ऐकलंय का? ३१ जानेवारी १९७९चं, म्हणजे अल्बमच्या दोनच महिने आधीचं. त्यात 'इनसाइट' आणि 'शीज लॉस्ट कंट्रोल' दोन्ही आहेत. तिथे हॅनेट नाही. अल्बमवरचा लिफ्टचा आवाज नाही, काच नाही, फोनच्या तारेवरून रेकॉर्ड केलेला आवाज नाही. तरी गाणी उभी आहेत! 'शीज लॉस्ट कंट्रोल'चा तो लंगडत चालल्यासारखा ड्रम तिथेही तसाच आहे. तो मॉरिसच्या डोक्यातून आलाय, कुठल्या यंत्रातून नाही. आणि हुकचा बेस. तो खालच्या जाड तारा सोडून वरच्या तारांवर वाजवतो, ते का? सम्नरचा अ‍ॅम्प दणदणीत होता आणि हुकचा भंगार. खाली वाजवलं तर स्वतःलाच ऐकू यायचं नाही. वर वाजवलं तर यायचं. कर्टिसला ते आवडलं, त्याने तसंच वाजवायला सांगितलं. झालं, बेस चाल वाजवायला लागला आणि गिटार मागून धार देऊ लागली. जॉय डिव्हिजनचा सगळा सांगाडा हा आहे, आणि तो तालमीच्या खोलीत बनलाय.

हॅनेटने मॉरिसला ड्रमसेटचा एकेक नग वेगळा वाजवायला लावला, कारण एका माइकमध्ये दुसऱ्याचा आवाज झिरपायला नको होता. तुम्ही कधी हे करून बघितलंय? मी केलंय, एका मित्राच्या घरच्या स्टुडिओत. आधी फक्त स्नेअर. मग ते कानात ऐकत फक्त बास ड्रम. मग हाय-हॅट. उजवा हात सवयीने उठतो आणि हवेतच थांबवावा लागतो. मी मांडीवर उशी ठेवून बाकीचे हात त्यावर मारत होतो, नाहीतर ताल हातातून सुटायचा. दीड मिनिटाचा तुकडा व्हायला संध्याकाळ गेली. मॉरिसने हे अख्ख्या गाण्यांवर केलं आणि तरी ते माणसाने वाजवल्यासारखं वाटतं! 'डिसॉर्डर' सुरू होतो तेव्हाचा ड्रम ऐका. पहिल्या दोन सेकंदांत कळतं की हा पोरगा तेव्हा एकवीस वर्षांचा होता आणि त्याला कुठेतरी पोचायची घाई होती.

त्यामुळे श्रेय द्यायचं तर मॉरिसच्या मनगटाला आधी द्या.

मध्यसप्तक

पील सेशन ऐकलंय, पण दोन्ही लागोपाठ लावून कधी ऐकलं नव्हतं. आज रात्री ऐकतो. मांडीवरची उशी मात्र विसरणार नाही.

मॉरिसबद्दल पूर्ण सहमत. पण पील सेशन ऐकून मला "काय भारी बँड आहे" असं वाटतं, आणि अल्बम ऐकून मी रात्री उठून बसतो. या दोन गोष्टी एक नाहीत.

चिपळूण_ते_चेशायर

मी स्टॉकपोर्टपासून बसने वीस मिनिटांवर राहते, त्यामुळे लिहिल्यावाचून राहवत नाही.

स्ट्रॉबेरी स्टुडिओ वॉटरलू रोडवर होता. १९९३मध्ये बंद झाला. इमारत आहे, साधी, विटांची, बाहेर निळी पाटी लावलेली. पहिल्यांदा गेले तेव्हा मी पुढे निघून गेले होते, पाटी दिसली नाही म्हणून परत वळले. पाऊस होता (तो असतोच). समोर उभी राहून फोनवर 'इनसाइट' लावलं. त्याची सुरुवात स्टुडिओतल्या जुन्या लिफ्टच्या घरघरीने होते. ती घरघर ऐकत त्याच इमारतीच्या दारात उभं राहायचं, एवढंच करायला गेले होते. छत्रीवरचा पाऊस आणि ती लिफ्ट, कोणता आवाज कुठला ते काही क्षण कळलं नाही. दुहेरी_टिपरू, मला तुमचं म्हणणं समजतं, पण ही लिफ्ट हॅनेटलाच ऐकू आली होती. रोज त्या लिफ्टशेजारून कितीतरी बँड गेले असतील.

हा स्टुडिओ १०सीसी या बँडमधल्यांचा होता, म्हणजे चांगल्या दर्जाचा, लंडनच्या तोडीचा. आणि हॅनेट जी डिजिटल डिले यंत्रं (आवाज क्षणभर उशिरा, प्रतिध्वनीसारखा परत ऐकवणारी) वापरायचा ती बनवणारी एएमएस कंपनी बर्नलीची, इथून उत्तरेला तासाभराच्या अंतरावर. म्हणजे बँड इथला, स्टुडिओ इथला, यंत्रं इथली, कंपनी इथली. मॅनेजर रॉब ग्रेटनने लंडनच्या बड्या कंपन्यांऐवजी फॅक्टरी निवडली त्यामागे हेही होतं, सारखं लंडनला खेटे घालायचे नव्हते. आधी आरसीए या बड्या रेकॉर्ड कंपनीसाठी केलेलं रेकॉर्डिंग बँडला मुळीच पसंत पडलं नव्हतं, तो अनुभवही गाठीशी होता.

इथल्या जुन्या माणसांशी बोलताना मला जाणवतं की त्यांना त्या अल्बमपेक्षा याचाच अभिमान जास्त आहे. आपल्या गावात राहून केलं.

मागवाला

मी इचलकरंजीचा. आमच्या गावाला महाराष्ट्राचं मँचेस्टर म्हणतात, त्यामुळं लहानपणापासून मँचेस्टर हे नाव कानावर. खरं मँचेस्टर काय हे मला या बँडमुळं कळलं. भाच्यानं ऐकवला.

रॉकमधलं मला फार समजत नाही. पण मध्यसप्तक जे मोकळ्या जागेबद्दल बोलतायत ते मला माझ्या भाषेत कळलं, ते सांगतो. आमच्याकडं पेठेत चोवीस तास माग चालू. त्या खटखटीत जन्मलेल्या माणसाला खटखट ऐकूच येत नाही. पण लाईट गेली की सगळ्या गल्लीतले माग एकदम थांबतात. तेव्हा जे कानात उरतं ना, ते फार मोठं असतं. मोठ्यानं बोलणारा माणूस मध्येच थांबतो, कारण स्वतःचाच आवाज त्याला ओरडल्यासारखा वाटतो. कामगार बाहेर येऊन तंबाखू मळत उभे राहतात, कोणी काही बोलत नाही. भाच्यानं 'न्यू डॉन फेड्स' लावलं तेव्हा मला तीच वेळ आठवली.

मग शोधलं. मँचेस्टरच्या गिरण्या तोपर्यंत बंद पडत आलेल्या. हे लोक सराव करायचे ते लिटल पीटर स्ट्रीटवरच्या अशाच एका जुन्या इमारतीत. आणि कर्टिस, मॉरिसचं मॅकल्सफील्ड तर रेशमाचं गाव! हॅनेट आणि ही पोरं, सगळी बंद पडलेल्या यंत्रांच्या गावातली. अर्धा ह्याचा अर्धा त्याचा असं कशाला करायचं? ती शांतता त्या सगळ्यांच्या ओळखीची होती.

दुहेरी_टिपरू

मागवाला, दंडवत. लाईट गेल्यावरचं हे कायम लक्षात राहील.

निळीशाई

मी हा अल्बम ऐकायच्या आधी त्याचा टी-शर्ट घातला होता. फॅशन स्ट्रीटवरून घेतलेला, काळा, त्यावर पांढऱ्या रेषांचे डोंगर. दोन वर्षं मला ते डोंगरच वाटत होते. मग कळलं की ती ताऱ्याची नाडी आहे. त्याबद्दल कोणी नीट सांगेल का?

शिवनेरीकर

निळीशाई, हे माझं काम. मी जुन्नर तालुक्यातला, शाळेत विज्ञान शिकवतो.

ते पल्सारचे स्पंद आहेत, माणसाला सापडलेल्या पहिल्या पल्सारचे. १९६७च्या नोव्हेंबरात केंब्रिजला जोसलिन बेल या संशोधक विद्यार्थिनीला रेडिओ दुर्बिणीच्या कागदी आलेखावर एक खूण दिसली, दर १.३३७ सेकंदांनी येणारी, घड्याळासारखी नेमकी. इतकी नेमकी की गमतीने तिला 'छोटे हिरवे मानव' असं नाव दिलं गेलं. पुढे कळलं की तो स्वतःभोवती फिरणारा न्यूट्रॉन तारा, म्हणजे मोठ्या ताऱ्याचा स्फोटानंतर उरलेला अतिघन गाभा आहे. दीपगृहाचा झोत जसा फिरत फिरत आपल्या अंगावरून जातो, तसा त्याचा रेडिओ झोत दर फेरीला पृथ्वीवरून जातो.

१९७४चं नोबेल तिच्या मार्गदर्शकाला, अँटनी ह्यूइश यांना मिळालं, तिला नाही. फ्रेड हॉइल यांनी त्यावर जाहीर टीका केली. हॉइल म्हणजे आपल्या जयंत नारळीकरांचे गुरू. पल्सार सापडला तेव्हा नारळीकर केंब्रिजमध्येच, हॉइल यांच्या संस्थेत होते. बेलबाईंना २०१८मध्ये ३० लाख डॉलरचा ब्रेकथ्रू पुरस्कार मिळाला. तो सगळा त्यांनी संधी न मिळणाऱ्या विद्यार्थ्यांना भौतिकशास्त्र शिकता यावं म्हणून देऊन टाकला. वर्गात मी हे दरवर्षी सांगतो.

आता चित्र. हॅरल्ड क्राफ्ट या विद्यार्थ्याने कॉर्नेल विद्यापीठात १९७०मध्ये दिलेल्या पीएचडी प्रबंधातलं ते आहे. निरीक्षणं पोर्तो रिकोतल्या आरेसिबो दुर्बिणीची, ३१८ मेगाहर्ट्झवरची. एक रेघ म्हणजे एक स्पंद. लागोपाठचे स्पंद एकाखाली एक मांडलेत, म्हणून डोंगररांग दिसते. नीट बघितलं तर प्रत्येक रेघेचा उंचवटा वेगळा. ताल पक्का, पण प्रत्येक ठोका निराळा. (ढोल वाजवणाऱ्यांना हे वेगळं सांगायला नको.) हे चित्र खगोलशास्त्राच्या एका केंब्रिज ज्ञानकोशात छापलं होतं, तिथून ते बँडने उचललं आणि डिझायनर पीटर सॅव्हिलला दिलं. छापील चित्र पांढऱ्यावर काळं होतं. सॅव्हिलने ते उलटं करून काळ्यावर पांढरं केलं. पुढच्या बाजूला ना बँडचं नाव, ना अल्बमचं.

अंतराळ काळंच असतं, त्यामुळे सॅव्हिलचं बरोबर.

आणि आमच्या भागातल्यांना हे आपलंसं का वाटतं, तर खोडदची जीएमआरटी दुर्बीण. ४५ मीटर व्यासाच्या तीस तबकड्या, काही खोडदजवळ एकत्र आणि बाकीच्या इंग्रजी 'Y' अक्षराच्या आकारात दूरवर पसरलेल्या. गोविंद स्वरूप सरांनी जाळी आणि तारांचा हलका सांगाडा वापरून त्या स्वस्तात उभ्या केल्या. कांदा आणि टोमॅटोच्या वावरात उभं राहून मान वर केली की तबकडी दिसते. पल्सारचा अभ्यास हे तिथलं मोठं काम. ज्या ३१८ मेगाहर्ट्झवर ते चित्र निघालं, ती लहर खोडदच्या तबकड्यांच्याही टप्प्यात येते. आरेसिबोची दुर्बीण १ डिसेंबर २०२०ला कोसळली. खोडदची चालू आहे.

निळीशाई

शिवनेरीकर सर, मनापासून आभार. तो टी-शर्ट विटलाय, पण आता टाकणार नाही.

अबोली

सगळे प्रतिसाद वाचले. एक वेगळी गोष्ट लिहायची आहे, विषयाला सोडून वाटली तर क्षमा करा.

माझ्या मुलाला फिट येतात. नऊ वर्षांचा असल्यापासून, आता एकोणीसचा आहे. 'शीज लॉस्ट कंट्रोल' कशावर आहे हे मला त्यानेच सांगितलं. कर्टिस मॅकल्सफील्डच्या रोजगार कार्यालयात काम करायचा, अपंग लोकांना नोकरी मिळवून द्यायला मदत करायचा. तिथे एक मुलगी यायची, नोकरीच्या शोधात, तिला फिट यायच्या. पुढे ती येईनाशी झाली. मग त्याला कळलं की ती गेली. ते गाणं तिचं आहे. आणि जानेवारी १९७९मध्ये खुद्द कर्टिसलाच अपस्माराचं निदान झालं. म्हणजे अल्बम रेकॉर्ड करताना तो दुसऱ्या कोणाबद्दल गात नव्हता.

दुहेरी_टिपरू म्हणाले की ड्रम लंगडत चालल्यासारखा आहे. माझ्या मुलाने पहिल्यांदा ऐकलं तेव्हा तो म्हणाला, "आई, हे सुरू व्हायच्या आधीचं आहे." फिट सुरू व्हायच्या आधी त्याला काहीतरी ठरावीक पुन्हा पुन्हा होत असल्यासारखं वाटतं. मी दहा वर्षं विचारत होते, नेमकं कसं वाटतं रे? त्याला सांगता येत नव्हतं. त्या दिवशी त्याने हेडफोनची एक बाजू माझ्या कानात दिली.

कर्टिस १८ मे १९८०ला गेला, तेवीस वर्षांचा. दुसऱ्या दिवशी अमेरिकेच्या दौऱ्यावर निघायचं होतं. आजार, त्या काळची जड औषधं, रात्रीचे कार्यक्रम, अपुरी झोप, घरातली ओढाताण. लोक त्याच्या मरणाभोवती काहीतरी वलय उभं करतात, ते मला सहन होत नाही. त्याला उपचार आणि विश्रांती हवी होती. स्टेजवर त्याला फिट यायची आणि समोरच्यांना तो नाचाचा भाग वाटायचा.

म्हणून एवढंच लिहिते, कारण इथे बरेच जण वाचतात. कोणाला फिट आली तर कांदा किंवा चप्पल नाकाशी धरू नका. तोंडात चमचा घालू नका. धरून दाबू नका. आजूबाजूचं लागण्यासारखं बाजूला करा, डोक्याखाली काहीतरी मऊ द्या, कुशीवर वळवा, घड्याळ बघा. पाच मिनिटांच्या वर गेली तर ताबडतोब दवाखान्यात न्या. आणि शुद्धीवर येईपर्यंत तिथेच बसा.

मध्यसप्तक

अबोलीताई, अजिबात विषयाला सोडून नाही. धाग्याचं मूळ तिथेच आहे आणि मी आवाजाच्या चर्चेत ते बाजूला ठेवलं होतं. तुमच्या मुलाला माझा नमस्कार सांगा.

चिपळूण_ते_चेशायर

अबोलीताई, तुमचं लिहिणं वाचून खूप वेळ काही टंकता आलं नाही.

फॅक्टरीबद्दल एक राहिलं होतं ते लिहिते, कारण "अल्बम कोणाचा" या प्रश्नाला त्याचं एक अगदी रोखठोक उत्तर आहे. फॅक्टरीचा नियम होता की नफा निम्मा-निम्मा आणि संगीताची मालकी कलाकारांची, कंपनीची काही नाही. विल्सनने हे स्वतःच्या रक्ताने लिहून दिलं होतं असं इथे सगळे सांगतात. १९९२मध्ये फॅक्टरी बुडाली तेव्हा लंडन रेकॉर्ड्स ती विकत घ्यायला आली होती. तेव्हा उघड झालं की कंपनीकडे विकायला गाणीच नाहीत, ती न्यू ऑर्डरची आहेत (कर्टिस गेल्यावर उरलेल्या तिघांनी हाच बँड पुढे नेला). धंदा म्हणून फॅक्टरीने चुका केल्या, पण त्या एका कागदामुळे 'अननोन प्लेझर्स' ज्यांनी वाजवला त्यांच्याकडेच राहिला.

दुहेरी_टिपरू

म्हणजे कागदोपत्री माझंच बरोबर! पण मध्यसप्तक, पील सेशनचं काय झालं? ऐकलंत का लागोपाठ?

मध्यसप्तक

ऐकलं. दोन रात्री ऐकलं.

पहिल्या रात्री आधी पील, मग अल्बम. तेव्हा हॅनेटच जिंकला असं वाटलं. दुसऱ्या रात्री उलटं केलं, आधी अल्बमवरचं 'इनसाइट', मग पीलवालं. आणि झालं असं की पीलवाल्यात मला ती लिफ्ट ऐकू आली. तिथे नाही, माहीत आहे. पण हुक बेस सुरू करायच्या आधीचा जो क्षण आहे, तिथे माझा कान आपोआप थांबला, कोणीतरी दार उघडेल म्हणून. म्हणजे ती जागा गाण्यात आधीपासून होती. हॅनेटला ती सापडली आणि त्याने तिथे लिफ्ट ठेवली.

त्यामुळे "अर्धा" हा शब्द मी मागे घेतो. "पाचवा वादक" मात्र मागे घेत नाही.

शिवनेरीकर सर, २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनी खोडदला दुर्बीण लोकांना बघता येते ना? मी पुण्याहून एसटीने नारायणगावला उतरेन. मागवाला आणि निळीशाई, येता का? दुर्बिणीजवळ फोन बंद ठेवावे लागतात असं ऐकलंय, त्यामुळे अल्बम नारायणगावपर्यंतच ऐकून घेऊ.

शिवनेरीकर

या. स्टँडवर घ्यायला येतो. सकाळी लवकर निघा, त्या दिवशी शाळांच्या सहलींची फार गर्दी असते.

मागवाला

रात्रीच्या गाडीनं निघतो. भाच्यालाही आणतो.